बा गेनिझात गेला

शुक्रवारी सकाळी मी कपाट उघडलं आणि माझं धाबंच दणाणलं. मधल्या खणात, सणाच्या चादरींखाली, जिथे पुस्तक ठेवते तिथे पुस्तक नव्हतं. खण लखलखीत पुसलेला, लिंबाच्या साबणाचा वास येतोय, आणि पुस्तक नाही. चादरी काढून झटकल्या, पलंगावर टाकल्या. वरचा खण पाहिला, खालचा पाहिला. वेड्यासारखं फ्रिजमध्येसुद्धा पाहिलं. पेसाहचा सण तोंडावर आलेला. घरातून पावाचा कण न् कण काढायचा असतो, त्या साफसफाईत कुठली वस्तू कुठे जाईल त्याचा नेम नसतो.

पुस्तक माझं नव्हतं, नाथानमामाचं होतं. तसं म्हटलं तर माझ्या आजाचं. रहमिम झिराडकर, माझ्या आईचा बाप. भायखळ्याला राहायचा, दिवसा कारकुनी करायचा आणि संध्याकाळी गोष्टी लिहायचा, पदं रचायचा. एकोणीसशे बारा साली त्याने पदरमोड करून ‘फुरसतीच्या गोष्टी व पदें’ छापलं. पुढे मोठी लढाई लागली तेव्हा फौजेच्या इस्पितळात नोकरीला म्हणून बसऱ्याला गेला आणि तिकडेच पटकीने मेला. माझी आई तेव्हा पाच वर्षांची, मामा तीनचा. मामाला बापाचं तोंड आठवत नाही. फोटो एकही नाही. उरलं ते हे पुस्तक. मामा त्याला पुस्तक म्हणतच नाही, बा म्हणतो. इकडे इस्रायलला येताना विमानात बाकी सगळ्यांनी मांडीवर पितळेची भांडी धरली होती, आणि मामाने बाला धरलं होतं.

आता मामा ऐंशीच्या पुढे गेलाय. साखरेने त्याचे डोळे गेले. रामल्यात आमच्याच इमारतीत तळमजल्यावर एकटा राहतो. रोज दुपारचा चहा घेऊन मी खाली जाते आणि त्याला बा वाचून दाखवते, कारण बाळबोध लिपी वाचणारं घरात मी एकटीच उरलेय. माझा यारोन मराठी समजतो, पण उत्तर हिब्रूत देतो. त्याची बायको गिली, तिचे आईबाप मोरोक्कोचे, तिला मराठीतलं ‘चहा’ आणि ‘बस’ एवढंच येतं. मी दार लोटलं की मामा विचारतो, “एवली, बाला आणलंस?” पुस्तक माझ्याकडे ठेवायला दिलं तेही मामानेच. म्हणाला, मला दिसत नाही, उद्या पाणी सांडलं, झुरळाने खाल्लं, तर कळायचं नाही.

पूर्वी त्याला सगळं पुस्तक तोंडपाठ होतं. आता तसं राहिलं नाही. माझ्याबरोबर म्हणता म्हणता मधेच अडतो, नुसते ओठ हलवतो, आणि मी पुढची ओळ वाचली की त्याला हायसं वाटतं. एकदा मला म्हणाला, “डोळे गेले त्याचं काही नाही गो. पण हेही डोक्यातून गेलं तर माझा बाप दुसऱ्यांदा मेला म्हणायचा.”

आता सांगा, माझा जीव काय झाला असेल!

गिली बुधवारी रजा काढून मला साफसफाईला मदत करायला आली होती. पेताह तिक्व्याला एका ऑफिसात असते. मुलगी वाईट नाही, कामाला तर वाघ आहे. त्या महिन्यात बसमध्ये बॉम्ब फुटत होते, आणि ती सुखरूप पोचल्याचा फोन येईपर्यंत मी रोज गॅलरीत फेऱ्या मारायची. त्या शुक्रवारी मात्र मला तिच्या बसची आठवणसुद्धा झाली नाही. सरळ तिच्या ऑफिसात फोन लावला.

“गिली, कपाटातलं जुनं पुस्तक कुठे ठेवलंस?”

“कुठलं?”

“पिवळं पडलेलं. पाठीला चिकटपट्टी लावलेलं.”

“ते होय!” तिच्या आवाजात आनंद. “ते मी फाटक्या सिद्दूरांबरोबर गेनिझात दिलं. काळजी करू नकोस एव्हलिन, कचऱ्यात नाही टाकलं. आधी मुका घेतला, मग पेटीत सोडलं.”

मला ती नावाने हाक मारते. इथल्या सगळ्याच सुना मारतात, आता सवय झाली. पण त्या दिवशी तेही टोचलं. गेनिझा म्हणजे काय ते सांगते. ज्या कागदावर देवाचं नाव आहे तो कितीही फाटला तरी आम्ही केरात टाकत नाही. सिनेगॉगमध्ये त्यासाठी पेटी असते. जीर्ण झालेली प्रार्थनेची पुस्तकं, सिद्दूर, तिच्यात सोडायची. पेटी भरली की सगळं कब्रस्तानात नेऊन माणसासारखं पुरतात. जमिनीत घालतात, मातीखाली.

“तुला कोणी सांगितलं ते देवाचं पुस्तक आहे?” मी ओरडले.

“पहिल्या पानावर तेहिलीममधलं वचन आहे ना. देवाचं पूर्ण नाव आहे त्यात. मी वाचलं.”

होतं खरं. आजाने पहिल्या पानावर स्तोत्रातली एक ओळ हिब्रू अक्षरांत छापून घेतली होती. भाविक होता की छापखान्यात हिब्रू खिळे आहेत हे लोकांना दाखवायचं होतं, देव जाणे. त्याच्यापुढे सगळं बाळबोध. तेल्यांच्या गोष्टी, सासूसुनांची भांडणं, नारळीच्या वाडीतलं भूत, चार पाळणे, दोन विनोदी पदं. पण गिलीला वाचता आली ती तेवढी एकच ओळ. सुनेने भक्ती केली आणि ती माझ्या गळ्याशी आली.

“एव्हलिन? मी काही चुकले का?”

मी फोन ठेवला. घरातल्या सपाता पायात होत्या, तशीच सिनेगॉगला पळाले. शमाश हाइम अंगण धूत होता. सिनेगॉगची झाडलोट, दिवाबत्ती सगळं तोच बघतो. आपलाच माणूस, पेणकडचा.

“हाइम, गेनिझाची पेटी उघड.”

“उघडून काय करू एव्हलिनबाय? रिकामी आहे. काल गाडी येऊन गेली. पेसाहच्या आधी एकदा येते, गावातल्या सगळ्या सिनेगॉगांचं गोळा करून नेते.”

“कुठे नेते?”

“आता बंद खोलीत असेल. रविवारी सकाळी कब्रस्तानात पुरतील.”

मी मटकन पायरीवर बसले. हाइम घाबरला, पाणी घेऊन आला. मी सगळं सांगितलं तेव्हा त्याने कपाळाला हात लावला. मामाचा बा कोण ते त्याला माहीत होतं. मामाने त्याला कितीदा तरी त्यातली पदं ऐकवली होती. त्याने दफनवाल्यांना फोन लावला, पुन्हा लावला. कोण उचलतोय! शुक्रवार, त्यातून सणाच्या आधीचा. दिवस मावळला की शब्बाथ, आमचा शनवारचा विसावा, लागणार आणि मग सगळंच बंद. “रविवारी लवकर जा,” हाइम म्हणाला. “नऊला सुरू करतात. आधी पोचलात तर मिळेल. पण एकदा माती पडली की मग ते लोक ऐकत नाहीत.”

आणि मामाला काय सांगू? चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते उगाच नाही. त्या दुपारी चहा घेऊन खाली जाताना मी जिन्यात तीनदा थांबले. दार लोटलं.

“एवली, बाला आणलंस?”

“मामा, माझा घसा बसलाय,” मी घोगरा आवाज काढला. “आज वाचवत नाही.”

“अरे देवा. तरी मी सांगत होतो, साबणाच्या पाण्यात हात घालून बसू नकोस.” त्याने चाचपडत चहा घेतला. “दोन दिवस तुझी साफसफाईच चाललीय. मंगळवारी घाणा कुठे थांबला होता?”

आम्ही तेल्याच्या गोष्टीत होतो. एक तेली लोभापायी शनवारी घाण्याला बैल जुंपतो, आणि मग बैल काही केल्या थांबत नाही. रविवारी नाही, सोमवारी नाही. तेल ओसरीवरून वाहायला लागतं. मामाला ती गोष्ट फार आवडायची. त्याने स्वतःच म्हणायला सुरुवात केली. “मग तेली बैलापुढे आडवा झाला आणि म्हणाला... म्हणाला...” त्याने बोट माझ्याकडे केलं. “काय म्हणतो गो?”

मला कुठे आठवत होतं! वाचणाऱ्याला पाठ कशाला लागतं? पुस्तक हातात असायचं. मी खोकले. मामा म्हणाला, “राहू दे, राहू दे. बोलू नकोस. उद्या बघू.” संध्याकाळी त्याच्याकडे काम करणाऱ्या बाईच्या हातून त्याने माझ्यासाठी आल्याचा काढा वर पाठवला. स्वतः शिजवून घेतलेला. तो काढा मला गिळवेना.

शब्बाथ असा गेला की वैऱ्याचा जाऊ नये. यारोन आणि गिली जेवायला आले होते. गिलीने सतरा वेळा माफी मागितली, मी सतरा वेळा “असू दे” म्हटलं, आणि दर वेळी भांडं जरा जोरात आपटलं. यारोन म्हणाला, “ईमा, अजून कुठेतरी दुसरी प्रत असेल. मुंबईच्या एखाद्या लायब्ररीत.” असेल बाबा. पण मामाने मुंबईत असताना किती शोधली होती ते त्याला काय ठाऊक. गिली जेवली नाही. निघताना मला म्हणाली, “रविवारी मी रजा घेते. यारोनच्या गाडीने नेते तुला.” मी नुसती मान हलवली.

रविवारी आम्ही आठलाच निघालो. कब्रस्तानाच्या फाटकाशी पोचलो तर आतून ट्रॅक्टरचा आवाज. ऊन तापतं म्हणून त्यांनी त्या दिवशी लवकर सुरू केलं होतं. मी साडी वर धरून पळाले. मागच्या भिंतीजवळ मोठा खड्डा, भोवती दाढीवाले दहाबारा पुरुष, आणि ट्रॅक्टर माती लोटतोय. एका कोपऱ्यात दोन गोणपाटांची टोकं तेवढी उघडी दिसत होती. बाकी सगळं झाकलं गेलेलं.

“थांबा!” मी मराठीतच किंचाळले. “अरे थांबा, मेल्यांनो!”

शब्द नाही कळले तरी आवाज कळला. बारूख नावाचा त्यांचा मुख्य माणूस पुढे आला. सभ्य होता, मला सावलीत उभं केलं, सगळं ऐकून घेतलं.

“मावशी, त्या पुस्तकात काय आहे?”

“गोष्टी. नुसत्या गोष्टी. तेली, त्याची बायको, भूत.”

“देवाचं नाव आहे?”

“नाही.”

मी खोटं बोलले. कब्रस्तानात, चारी बाजूला मेलेली माणसं असताना, सणाच्या तोंडावर. मला लाज वाटली नाही. त्या वेळी मला फक्त तो खड्डा दिसत होता.

बारूखने दाढीवरून हात फिरवला. “नाव नसेल तर काढलंच पाहिजे. साध्या पुस्तकाची ही जागा नव्हे.” त्याने हात वर करून ट्रॅक्टर थांबवला. एकाने फावडं उचललंसुद्धा. मी मनात म्हटलं, मामा, मिळाला तुझा बा. मग बारूखने सहज विचारलं, “पण साधं पुस्तक गेनिझात दिलं कोणी?”

“मी,” गिली म्हणाली.

“का?”

मी तिच्याकडे डोळे वटारून बघत होते. अग, एकदा, एकदाच सासूची बाजू घे! तिने माझ्याकडे पाहिलं.

“पहिल्या पानावर नाव आहे,” ती म्हणाली. “मी स्वतः वाचलं.”

बारूख माझ्याकडे वळला. रागावला नाही, हेच वाईट. मी हातापाया पडले, सांगितलं की आंधळा म्हातारा आहे, त्याच्या बापाची एवढीच खूण आहे. त्याने खिशातल्या पेलेफोनवरून त्यांच्या रब्बीला विचारलं, बराच वेळ विचारलं, बाजूला जाऊन विचारलं. परत आला तेव्हाच उत्तर कळलं. माती पडलेलं नाव पुन्हा उघडं करायचं नाही. “आणि मावशी, शंभराच्या वर गोण्या आहेत. कोणती म्हणून उकरायची?” मग त्याने फावडं माझ्यापुढे धरलं. “तुमचंच आहे. तुम्ही टाका.”

ते फावडं त्याच्या डोक्यात घालायचंच बाकी होतं. पण सगळे पुरुष माझी वाट बघत उभे होते, आणि माझे हात आपोआप पुढे झाले. मातीला गेलं की हात आपलं काम करतात. मी तीन फावडी माती टाकली. त्यांनी कद्दीश, मेलेल्यामागे म्हणायची प्रार्थना, म्हटला. मी रडत रडत आमेन म्हटलं.

गाडीत मी गिलीला काय काय बोलले ते सांगत नाही. खोटं एक बोलायला काय झालं होतं, तुझ्या आईने तुला हेच शिकवलं का, सगळं बोलून झालं. ती गाडी चालवत होती आणि रडत होती. घराशी आलो तेव्हा म्हणाली, “मामाला मी सांगते. चूक माझी आहे.”

“तू काय सांगणार? त्याला तुझं हिब्रू धड कळत नाही आणि तुला त्याचं मराठी.”

तरी ती माझ्या मागून आत आली. मामा खुर्चीत बसला होता, आंघोळ करून, धुवट पांढरा सदरा घालून. दोन जणींची पावलं ऐकून त्याने तोंड वर केलं. “एवली, घसा सुटला? बाला आणलंस?”

“मामा,” मी म्हटलं, “बा नाही.”

मी सगळं सांगितलं. घसा बसला नव्हता हेही सांगितलं. मामा ऐकत राहिला. मग त्याने काठी टेबलावर अशी हाणली की कप खाली पडून फुटला. मी जन्मात त्याला इतकं रागावलेलं पाहिलं नव्हतं. “मला कोणी विचारलं?” तो ओरडला. “माझा बाप, आणि मला कोणी विचारलं? तुला डोळे आहेत म्हणून तुझ्याकडे दिला, एवली! मी आंधळा इतकी वर्षं सांभाळत होतो. डोळे असून तुला दिसलं नाही?”

गिली खाली बसून कपाचे तुकडे वेचत होती. तिचं बोट कापलं, तिने ते तोंडात धरलं. मामाचा श्वास भात्यासारखा चालला होता. मला भीती वाटली की आता ह्याला काहीतरी होणार. मी त्याचा हात धरायला गेले, त्याने झटकला. मी दाराशी जाऊन उभी राहिले.

गिलीने तुकडे केरात टाकले. मग त्याने विचारलं, “मातीला कोण होतं?”

मला आधी कळलंच नाही. “कुठल्या मातीला?”

“बाच्या. कोण होतं?”

“त्यांची माणसं होती. दफनवाली.”

“दहा पुरुष होते?” त्याशिवाय आमच्यात कद्दीश म्हणता येत नाही.

“होते मामा. जास्तच होते.”

“कद्दीश म्हटला?”

“म्हटला. मी ऐकला.”

“आणि घरचं कोण?”

“मी होते,” मी म्हटलं. “ही होती.”

“माती दिलीस?”

“दिली.”

त्याने मान खाली घातली. “बसऱ्याला कोणी नव्हतं,” तो म्हणाला. “आई मरेपर्यंत एकच विचारायची. त्यांना माती कोणी दिली असेल? आपल्यातलं कोणी होतं का? का असंच टाकलं? मी तिला काय सांगणार, मी तेव्हा तीन वर्षांचं पोर.” त्याने सदऱ्यावरून हात फिरवला, गळ्यापासून छातीपर्यंत, पुन्हा पुन्हा, काहीतरी शोधत असल्यासारखा. मग गिली जिथे होती तिकडे तोंड करून मोडक्या हिब्रूत म्हणाला, “कात्री आण.”

“मामा, कात्री कशाला?” मी विचारलं.

“बापाची माती झाली,” तो म्हणाला, “आणि माझा सदरा अजून धड आहे.”

आमच्यात आईबाप गेले की लेकरं छातीवर डाव्या बाजूला अंगातला कपडा फाडतात. पहिली चीर दुसऱ्या कोणी द्यायची, पुढे आपण फाडायचं. गिलीला काही सांगावं लागलं नाही. ती स्वयंपाकघरातून कात्री घेऊन आली, त्याच्यापुढे गुडघ्यावर बसली आणि सदऱ्याला गळ्याशी छोटी चीर दिली. चीर सरळ आली. मामाने दोन्ही हातांनी धरून सदरा काळजापर्यंत फाडला. आशीर्वादाचे शब्द म्हणताना तो कुठेही अडला नाही.

मग तो खुर्चीवरून उतरून जमिनीवर बसला, आमच्यात सुतकात बसतात तसा. मी त्याला उठवायला गेले तर म्हणाला, “बस गो तूही. तुझा आजा होता.” मी बसले. गिलीही बसली.